हद्दपार की नजरकैद

विंडोज असलेल्या कुठल्याही संगणकावर विंडोजची कळ दाबून धरा आणि जी दाबा. पडदा किंचित काळवंडतो आणि त्यावर चौकटी तरंगायला लागतात. एक आवाज कमी-जास्त करायची, एक पडद्याचं चित्रीकरण करायची, एक प्रोसेसर आणि मेमरी किती खर्ची पडतेय ते दाखवणारी. हा एक्सबॉक्स गेम बार. जुलै २०१५मध्ये विंडोज १० आलं तेव्हापासून तो सोबत येतो. सध्याचं चौकटींचं रूप त्याला २०१९मध्ये मिळालं. खेळणाऱ्यांना तो हवा असतो. ज्यांनी पत्त्यांच्या डावापलीकडे संगणकावर कधी काही खेळलेलं नाही, त्यांच्याकडेही तो असतोच. नको म्हणून काढायला जावं, तर अ‍ॅपच्या यादीत त्याच्या नावापुढचं काढून टाकण्याचं बटण एक तर नसतं किंवा दाबलं जात नाही.

या बटणावरून आमच्या घरात दोन तट आहेत. माझे थोरले दीर सांगलीत टायपिंगचे वर्ग चालवतात. माझा मुलगा पुण्यात गेमिंगचे पीसी जोडून देतो. दोघेही संगणकावरच पोट भरतात, पण या एका पट्टीबद्दल त्यांचं एकमत होत नाही. त्यांचं बोलणं मी ऐकलं तसं इथे देते. मधे मधे माझं मत घातल्याशिवाय मला राहवणार नाही, तेवढं चालवून घ्या.

काका: माझ्याकडे येणारी पोरं मराठी तीस, इंग्रजी चाळीसच्या परीक्षेला बसतात. इन्स्क्रिप्टमध्ये जी कळेवर उकार आहे. म्हणजे त्या कळेवर बोट दिवसभर पडणार. भाषा बदलायची तर विंडोज आणि स्पेसबार. म्हणजे विंडोजच्या कळेशीही सतत संबंध. त्यात कंट्रोल आणि विंडोज या कळा शेजारी शेजारी. वर्डमध्ये कंट्रोल-जी दाबून दुसऱ्या पानावर जायला बघतात, करंगळी एक घर सरकते आणि हा बार उघडतो. आता मला सांग, टायपिंगच्या वर्गात याचं काम काय?

पुतण्या: काम काही नाही, मान्य. एस्केप दाबायचं, गेला.

काका: मला माहीत आहे रे. पहिल्यांदा कीबोर्डला हात लावणाऱ्या मुलीला माहीत नसतं. तिला वाटतं, आपण मशीन बिघडवलं. ती हात मागे घेते आणि माझ्याकडे बघत बसते. तिची भीती घालवण्यात माझे आठ दिवस जातात, आणि तू म्हणतोस, एस्केप दाबायचं.

पुतण्या: मग बंद करून टाका ना. विंडोज १०मध्ये सेटिंग, गेमिंग, गेम बार असं गेलं की वरच एक बटण होतं, चालू किंवा बंद.

काका: होतं! तू स्वतःच 'होतं' म्हणालास. विंडोज १०चा नेहमीचा पाठिंबा १४ ऑक्टोबर २०२५ला संपला. मशीनं ११वर न्यावी लागली. तिथे त्या जागी काय आहे? कंट्रोलरवरच्या बटणाने गेम बार उघडू द्यायचा की नाही, एवढाच प्रश्न. माझ्याकडे कंट्रोलर नाही. मग मी बंद काय करू?

इथे मुलगा गप्प बसला, आणि बसायलाच हवं होतं. माणूस जुन्यावरून नव्यावर जातो तेव्हा त्याच्या हातातलं एक साधं बटण काढून घ्यायचं, ही सुधारणा नव्हे. ज्याला ती पट्टी हवी त्याचं त्या बटणाने काहीही अडत नव्हतं.

पुतण्या: ११मध्येही वाट आहे, फक्त आडवळणाची. इन्स्टॉल्ड अ‍ॅप्समध्ये गेम बार शोधा, शेजारच्या तीन टिंबांतून अ‍ॅडव्हान्स्ड ऑप्शन्समध्ये जा. पार्श्वभूमीत चालायची परवानगी 'नेव्हर' करा आणि खाली टर्मिनेट दाबा. मग गेमिंगखालच्या कॅप्चर्समध्ये जाऊन पार्श्वभूमीतलं रेकॉर्डिंग बंद आहे ना, ते बघा. ते मुळात बंदच असतं, पण कुणी चालू केलेलं असेल तर ग्राफिक्स कार्डावर आणि डिस्कवर खरा भार त्याचाच पडतो. नुसता पडून असलेला गेम बार फारसं काही खात नाही.

काका: म्हणजे नजरकैद. माणूस घरातच, फक्त दाराशी पहारा. मी जी दाबलं की पुन्हा हजर.

पुतण्या: हो, कळ दाबली की उघडतो.

काका: मला हद्दपार करायचा आहे.

पुतण्या: करता येतो की. पॉवरशेल उघडायचं, गेट-अ‍ॅपएक्सपॅकेज लिहायचं, पुढे मायक्रोसॉफ्ट-डॉट-एक्सबॉक्सगेमिंगओव्हरले हे नाव, मग उभी रेघ आणि रिमूव्ह-अ‍ॅपएक्सपॅकेज. एका ओळीत काम होतं. मी मुद्दामच सांगत नव्हतो, कारण त्या ओळीनंतर काय होतं ते मला रोज दिसतं.

काका: काय होतं?

पुतण्या: बार जातो, पण विंडोजला तो गेल्याचं कळत नाही. एखादा गेम सुरू झाला, विंडोज-जी दाबलं गेलं किंवा कंट्रोलर जोडला की विंडोज आपल्या सवयीने त्याला हाक मारतं. त्या हाकेचा एक पत्ता ठरलेला आहे, एमएस-गेमिंगओव्हरले. त्या पत्त्यावर आता कुणी राहत नाही. मग पडद्याच्या मधोमध चौकट येते, की हा एमएस-गेमिंगओव्हरले दुवा उघडायला नवं अ‍ॅप लागेल. खाली मायक्रोसॉफ्ट स्टोअरमध्ये शोधायचं बटण. म्हणजे जे काढलं, तेच परत आणायचं आमंत्रण. ती चौकट ओके म्हणून घालवली तरी पुढच्या वेळी पुन्हा येते. आणि तुमच्या त्या मुलीची करंगळी सरकली तर आता बारऐवजी ही चौकट येईल. बारपेक्षा तिला हिचीच भीती जास्त वाटेल. आगीतून फुफाट्यात.

काका: मग त्यावर उपाय?

पुतण्या: रजिस्ट्रीत दोन नोंदी शून्य करायच्या. दोन्ही करंट यूजरच्या शाखेत आहेत. एक सिस्टिमखाली गेमकॉन्फिगस्टोअरमध्ये, गेमडीव्हीआर-एनेबल्ड नावाची. दुसरी सॉफ्टवेअर, मायक्रोसॉफ्ट, विंडोज, करंटव्हर्जन असं उतरत गेमडीव्हीआरमध्ये, अ‍ॅपकॅप्चरएनेबल्ड. या दोन शून्यांनी गेम सुरू होताना येणारी चौकट बहुतेक वेळा थांबते. प्रो आवृत्ती असेल तर रजिस्ट्रीत शिरायचीही गरज नाही. ग्रुप पॉलिसीत गेमचं रेकॉर्डिंग आणि प्रसारण बंद करायचा एक नियम आहे, तो लावायचा. तुमच्याकडे होम आहे, त्यात तो संपादकच नाही.

काका: म्हणजे ज्याने जास्त पैसे दिले त्याला दार, आणि मी खिडकीतून उडी मारायची.

पुतण्या: आणि एवढं करूनही ती ओळ फक्त तुमच्या खात्यापुरती चालते. त्याच मशीनवर नवं खातं उघडलं की बार पुन्हा उभा, कारण प्रत्येक नव्या खात्याला द्यायच्या अ‍ॅपच्या यादीत तो असतो. त्या यादीतून काढायची आज्ञा वेगळी. तुमच्याकडे दर बॅचला नवी खाती.

काका: मग तीही आज्ञा दे.

पुतण्या: देतो. पण काका, एक विनंती आहे. विंडोजची साफसफाई करून देतो म्हणणाऱ्या तयार स्क्रिप्ट फिरतात, त्यातली एखादी डोळे मिटून चालवू नका. माझ्याकडे एका गिऱ्हाइकाचं मशीन आलं होतं. त्याने अशीच कुठली तरी चालवलेली. गेम बार गेला, सोबत स्टोअरही गेलं, आणि स्टोअरवरून येणारं कुठलंच अ‍ॅप अपडेट होईना. शेवटी सगळं पुसून विंडोज नव्याने टाकावं लागलं. त्याला घालवायची होती एक पट्टी.

हे मुलाचं म्हणणं मला शंभर टक्के पटतं. दुसऱ्याने लिहिलेली स्क्रिप्ट अ‍ॅडमिनिस्ट्रेटरचा अधिकार देऊन चालवणं म्हणजे घराच्या किल्ल्या अनोळखी माणसाच्या हाती देणं. तिच्यात लिहिलेली प्रत्येक ओळ काय करते ते वाचता येत नसेल, तर ती चालवू नये. पण या सल्ल्याआड एक प्रश्न दडून राहतो, आणि दिरांनी तो बरोबर पकडला.

काका: तू आत्तापर्यंत जे सांगितलंस त्याचा अर्थ एवढाच, की काढणं अवघड आहे. पण अवघड कुणी केलं? पट्टी काढल्यावरही विंडोज तिला हाका मारत राहतं, हा माझा दोष का? घर मी विकत घेतलं, रजिस्ट्री माझ्या नावावर, आणि एका खोलीला बिल्डरचं कुलूप. वर तू मला समजावणार, की कुलूप तोडू नका, भिंतीला तडा जाईल.

पुतण्या: सगळीच कुलपं उगाच नसतात, एवढंच म्हणतोय. एएमडीचा रायझन ७९५०एक्सथ्रीडी घ्या. फेब्रुवारी २०२३मध्ये बाजारात आला. सोळा कोअर, पण दोन तुकड्यांत, आठ-आठ. एका तुकड्यावर जादा कॅश बसवलेली, ९६ एमबी. दुसऱ्यावर ३२च. गेमला ती मोठी कॅश लागते, म्हणून गेम चालू असताना सगळं काम पहिल्या तुकड्यावर जावं आणि दुसरा झोपावा अशी योजना आहे. आता विंडोजला कसं कळणार, की समोर चाललाय तो गेम आहे, एक्सेल नाही?

काका: गेम बार सांगतो?

पुतण्या: गेम बारच सांगतो. कुठला प्रोग्रॅम गेम आहे ते तो ओळखतो, एएमडीचा चिपसेट ड्रायव्हर त्यावरून कोअर झोपवतो. गेम बारमध्ये एक खूणही असते, 'हा गेम आहे हे लक्षात ठेव'. नवा गेम ओळखला गेला नाही तर आम्ही तिथे टिचकी मारतो. माझ्याकडे लोक हौसेने महागाचा प्रोसेसर घेतात, घरी जाऊन कुणाचं तरी ऐकून गेम बार उपटतात, आणि मग फोन करतात की गेम अडखळतोय. सगळ्या प्रोसेसरना हे लागत नाही. ७८००एक्सथ्रीडीला एकच तुकडा, त्याला झोपवायला दुसरा नाहीच. पण ज्याला लागतं त्याला लागतं.

काका: माझ्या टायपिंगच्या मशीनमध्ये हा प्रोसेसर आहे का?

पुतण्या: नाही हो.

काका: मग माझ्या मशीनवर त्याच्यासाठी कुलूप का?

पुतण्या: बरं, ते सोडा. लॉकडाऊनमध्ये तुम्ही वर्डचे धडे रेकॉर्ड करून मुलांना पाठवले होते. कशावर केले?

काका: विंडोज, ऑल्ट आणि आर. तूच सांगितलं होतंस फोनवर.

पुतण्या: तोच गेम बार. व्हिडिओज फोल्डरमधल्या कॅप्चर्समध्ये फाइल तयार, ना वॉटरमार्क, ना पैसे. डेस्कटॉप किंवा फाइल एक्सप्लोरर तो टिपत नाही, एका वेळी एकच खिडकी टिपतो. पण तुमचं भागलं. तेव्हा विंडोजमध्ये आयता मिळणारा दुसरा रेकॉर्डर कुठे होता?

काका: भागलं, आणि त्याबद्दल मी त्याला नावं ठेवत नाही. वस्तू वाईट आहे असं मी कधी म्हटलं? वस्तू चांगली असली तरी ती ठेवायची की नाही हे ठरवणार कोण, यावर मी भांडतोय. तेव्हा हवी होती, ठेवली. आता नको आहे.

पुतण्या: कंपनी म्हणेल, की भाग एकमेकांत गुंतलेत, एक काढला की दुसरा अडतो.

काका: हे मी आधी ऐकलंय. तू तेव्हा जन्मला नव्हतास.

दिरांचा रोख १९९८च्या खटल्याकडे होता, आणि तो खटला इथे सांगायलाच हवा. मे १९९८मध्ये अमेरिकेच्या न्याय खात्याने आणि अनेक राज्यांनी मायक्रोसॉफ्टवर दावा लावला. वाद इंटरनेट एक्सप्लोररचा होता. कंपनीचं म्हणणं, ब्राउझर हा विंडोजचाच अंगभूत भाग आहे, वेगळा काढताच येत नाही. प्रिन्स्टन विद्यापीठाचे एडवर्ड फेल्टन सरकारी बाजूने साक्षीला उभे राहिले. विंडोज ९८मधून एक्सप्लोरर बाजूला काढणारा एक छोटा प्रोग्रॅमच त्यांनी लिहून आणला होता. तो चालवल्यावर विंडोज मंदावतं हे दाखवायला फेब्रुवारी १९९९मध्ये कंपनीने कोर्टात चित्रफीत लावली. सरकारी वकील डेव्हिड बॉइस यांनी ती थांबवून थांबवून दाखवली. खिडकीच्या माथ्यावरची अक्षरं मधेच बदलत होती, म्हणजे सगळं चित्रण एकाच मशीनवरचं नव्हतं. कंपनीचे वरिष्ठ अधिकारी जिम ऑलचिन साक्षीदाराच्या पिंजऱ्यात होते. कंपनीची त्या दिवशी मोठी नाचक्की झाली. पुढे २०००मध्ये कंपनीचे दोन तुकडे करायचा हुकूम झाला, २००१मध्ये अपील न्यायालयाने तो फिरवला आणि त्याच वर्षी तडजोड झाली.

'काढताच येत नाही' हे उत्तर तेव्हापासूनचं आहे. युरोपने ते मानलं नाही. २००४मध्ये युरोपीय आयोगाने मीडिया प्लेअर विंडोजला जोडून विकल्याबद्दल आणि इतर कारणांसाठी ४९ कोटी ७० लाख युरोंचा दंड केला, आणि प्लेअर नसलेलं विंडोज विकायला लावलं. विंडोजची एन आवृत्ती ती हीच. २०२४च्या मार्चपासून तिथल्या डिजिटल मार्केट्स कायद्यामुळे युरोपातल्या ग्राहकाला एज ब्राउझरही रीतसर काढता येतो. एरवी ज्याच्यावाचून विंडोजचं पान हलत नाही असं सांगितलं जायचं, तो एज! तिकडे विंडोज कोसळलेलं नाही.

पुतण्या: ते युरोप झालं. आपल्याकडे?

काका: आपल्याकडे निदान फोनवर तरी सुरुवात झाली होती.

झाली होती खरी. ऑक्टोबर २०२२मध्ये भारतीय स्पर्धा आयोगाने अँड्रॉइडच्या प्रकरणात गुगलला १,३३७.७६ कोटी रुपयांचा दंड केला. आधीच भरून दिलेली आपली अ‍ॅप्स काढायला वापरकर्त्यांना आडकाठी करू नये, असाही त्यात एक आदेश होता. मार्च २०२३मध्ये अपील न्यायाधिकरणाने दंड कायम ठेवला, पण काही आदेश रद्द केले. अ‍ॅप काढू देण्याचा आदेश त्या रद्द झालेल्यांत होता. मला याचं वाईट वाटतं. दंड सरकारी तिजोरीत जातो, माझ्या फोनवरचं नको असलेलं अ‍ॅप तिथेच राहतं.

पुतण्या: तुम्हाला खरं सांगू का, काका? बटण दिलं तर माझी हरकत नाहीच. माझं भांडण उपटण्याशी आहे. कंपनीने स्वतः काढायची सोय दिली तर ती आधी हाका मारणं थांबवेल, मग वस्तू हलवेल. आपण बाहेरून ओढतो तेव्हा उलट क्रमाने होतं, म्हणून चौकटी उठतात.

काका: आणि त्यांना ते जमणार नाही असं थोडंच आहे?

पुतण्या: जमलंय की. २०२५च्या शरदात विंडोज ११ची पंचवीस-एच-टू आवृत्ती आली. तिच्या एंटरप्राइज आणि एज्युकेशन प्रकारांत एक नवी पॉलिसी आहे. सोबत येणारी कोणती अ‍ॅप्स नकोत त्यावर खुणा करायच्या, ती मशीनवर येतच नाहीत. एक्सबॉक्सची काही अ‍ॅप्सही त्या यादीत आहेत.

काका: मोठ्या कंपन्यांना, विद्यापीठांना. आणि सांगलीच्या टायपिंगच्या वर्गाला?

पुतण्या: होम आवृत्तीत नाही.

यानंतर वादाला फारसं काही उरलं नव्हतं. काढताच येत नाही हा मुद्दा या एका पॉलिसीने निकालात काढला. काढता येतं, कंपनीलाही काढता येतं, फक्त कुणाला काढू द्यायचं ते ती निवडते. म्हणून मी दिरांच्या बाजूची आहे. गेम बार टाकाऊ आहे असं मला वाटत नाही, माझ्या मुलाचा रोजचा धंदा त्यावर चालतो. पण संगणक ज्याने पैसे मोजून घेतला, त्याच्या हातात ठेवण्याचं आणि काढण्याचं, दोन्ही बटणं असली पाहिजेत. बारा वर्षांच्या मुलीच्या करंगळीने उघडणारी गोष्ट बंद करायला तिच्या शिक्षकाला रजिस्ट्री उघडावी लागते, हे कुठल्याही अंगाने बरोबर नाही.

ती सोय मिळेपर्यंत मात्र मुलाचं ऐकावं. ज्यांना बार नको आहे त्यांनी आधी अ‍ॅडव्हान्स्ड ऑप्शन्समधून पार्श्वभूमीची परवानगी काढावी आणि रेकॉर्डिंग बंद करावं. घरच्या वापरात बहुतेकांचं एवढ्यात भागेल. तरीही मुळासकट काढायचाच असेल तर सिस्टिम रिस्टोअरचा पॉइंट तयार करावा, रजिस्ट्रीतल्या त्या दोन नोंदी आधी शून्य कराव्यात आणि पॉवरशेलची ओळ त्यानंतर चालवावी. मन बदललं तर स्टोअरवरून गेम बार पुन्हा फुकट घेता येतो. दोन तुकड्यांच्या एक्सथ्रीडी प्रोसेसरवर गेम खेळणाऱ्यांनी या वाटेला जाऊच नये.

आणि एक काम सगळ्यांनी करावं. विंडोजची कळ आणि एफ दाबलं की फीडबॅक हब उघडतं. त्यात एवढंच लिहा, की एंटरप्राइजला दिलेली अ‍ॅप काढायची सोय होम आवृत्तीच्या सेटिंगमध्येही द्या.